कोरड्या कातडीवरचा थेंब

पोटच्या पोरानं भरल्या सभागृहात आईला उठवून शेवटच्या रांगेत नेऊन बसवलं, आणि कारण काय, तर आईनं डोक्याला तेल लावलंय. मोठीबाईंनी उभ्या आयुष्यात सासूचं ऐकून घेतलं होतं, गिऱ्हाइकांचं ऐकून घेतलं होतं, पण असला अपमान परक्यानंसुद्धा केला नव्हता.

"आई, समजून घे ना," थोरला कानाशी वाकून म्हणाला. "इथे साधं तेल चालत नाही. त्याच्या लहरी जड असतात. अर्कगुरूंना त्रास होतो."

"मला तुझ्या बोलण्याचा त्रास होतोय, मी कुणाला उठवू?"

थोरल्यानं इकडेतिकडे बघितलं, कुणी ऐकलं नाही ना याची खात्री केली आणि गळ्यातला सेवेकऱ्याचा पांढरा पट्टा नीट करत पुढे निघून गेला. शहराच्या पाणी शुद्ध करायच्या केंद्रात हा साहेब. हाताखाली माणसं, टेबलावर नावाची पाटी. आणि इथे येऊन लोकांच्या चपला रांगेत लावत होता. चपला लावायला मोठीबाईंची हरकत नव्हती, कामाला लाज कसली. हरकत होती ती त्याच्या दुसऱ्या हाताला. त्या हातात त्यांची सहा वर्षांची नात होती, चिमी. चिमीच्या गुडघ्यांच्या मागे आणि मानेला कायम खाज सुटायची, कातडी सुकून फुटायची. मोठीबाई रोज अंघोळीनंतर तिला हलक्या हातानं मलम लावायच्या. दोन आठवड्यांपूर्वी थोरल्यानं ते मलम कचऱ्यात टाकलं होतं. आज तो लेकीला अर्कगुरूंपुढे बसवणार होता.

सभागृह फर्निचरच्या दुकानाच्या माडीवर होतं. खुर्च्या खचाखच भरलेल्या, भिंतीला टेकून उभी असलेली माणसं वेगळीच. वास असा उग्र की डोळ्यांतून पाणी यावं, आणि ते पाणी लोक भक्तीच्या खाती जमा करत होते. दाराशी मोठं घमेलं, साबणाच्या वड्या आणि स्पिरिटचे बोळे. वर येणाऱ्या प्रत्येकानं मान, हात, पाय साबणानं खसाखसा घासायचे, वर स्पिरिटनं पुसायचे. अंगावर साध्या तेलाचा अंशसुद्धा राहता कामा नये. केसांना साबण लावायला मोठीबाईंनी साफ नकार दिला, म्हणून ही मागची रांग.

मग अर्कगुरू आले. मोठीबाईंनी मनातल्या मनात त्यांचं बारसं लगेच उरकलं: थेंब्या. रेशमी झगा, बाह्या इतक्या रुंद की एकेकीत मांजर झोपेल. उंच आसनावर बसून त्यांनी निळी बाटली डोक्यावर धरली.

"झाडाचा प्राण," ते म्हणाले. "एका बाटलीत अख्खं रान. यात भेसळ नाही, पाणी नाही, तुमच्या स्वयंपाकघरातलं ते चिकट पाप नाही. बघा."

बाटलीतला एक थेंब त्यांनी पांढऱ्या कागदावर टाकला आणि कागद पंख्यासमोर धरला. बाटलीची कहाणी सांगून होईपर्यंत कागद कोरडा. डाग नाही, खूण नाही.

"जे शुद्ध आहे ते डाग सोडत नाही," अर्कगुरू म्हणाले. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

मग त्यांनी बाही वर सारून त्याच बाटलीतले थेंब स्वतःच्या हातावर ओतले. चांगले ओघळेपर्यंत. चेहऱ्यावरची सुरकुती हलली नाही. "ज्याच्या आत मळ नाही, त्याला हा प्राण चंदनासारखा थंड. ज्याच्या आत रोग आहे, त्याला तो जाळणार. जळतंय? आनंद माना. रोग बिऱ्हाड हलवतोय. फार जळतंय? मग सामान फार होतं."

खाली फर्निचर बनवणारा सुतार खांदा धरून पुढे गेला. मोठीबाई त्याला ओळखत होत्या, त्याचे कपडे त्यांच्याच लाँड्रीत यायचे. थेंब पडले, सुतारानं दात आवळले, कातडी लालबुंद झाली. थोड्या वेळानं तो खांदा फिरवत म्हणाला, "दुखणं कळतच नाही हो आता." पुन्हा टाळ्या. खांदा कळत होता की नाही, हे कुणी विचारलं नाही.

नंतर थोरल्यानं चिमीला पुढे नेलं. सूनबाई दोन पावलं मागे, पदराचं टोक मुठीत. मोठीबाई उठल्या, पण मधे माणसांची भिंत. त्यांनी कोपर वापरलं, पाय तुडवले. त्या अर्ध्यात पोचल्या तोवर चिमीला आसनासमोर पालथं झोपवून गुडघ्यामागच्या फुटलेल्या कातडीवर थेंब पडले होते. एकावर एक सात.

चिमी किंचाळली. लहान मूल हट्टानं ओरडतं तो आवाज वेगळा, हा वेगळा. चार लेकरं वाढवलेल्या बाईला तो सांगावा लागत नाही.

"बाहेर पडतोय, बाहेर पडतोय," अर्कगुरू हात हलवत म्हणाले. "तिला धरा. पुढच्या रविवारी मानेवर आणि तोंडावर. अर्धवट सोडलंत तर रोग उलटा फिरेल."

आणि थोरल्यानं तिला धरलं. स्वतःच्या लेकीचे दोन्ही हात धरून, डोळे मिटून, ओठांत काहीतरी पुटपुटत.

मोठीबाईंनी त्याचा पट्टा मागून असा ओढला की त्याचे डोळे उघडले. पोरीला उचलून त्या जिन्यानं खाली आल्या. सूनबाई मागोमाग, थोरला तिच्यामागे. खालच्या नळावर सूनबाईनं पाणी सोडलं. पाणी लागलं तशी चिमी अजूनच तडफडली. पाणी वरून घरंगळत होतं आणि अर्क जागचा हलत नव्हता.

"नळ बंद कर," मोठीबाई म्हणाल्या. "डांबर कधी पाण्यानं सुटतं का?"

समोरच त्यांची लाँड्री. शर्टाला डांबर लागलं की ते आधी तेलानं चोळून सैल करायचं, मग साबण, मग पाणी, हा तिथला पहिला धडा. त्यासाठी खोबरेलाची बाटली फळीवर कायम असायची. मोठीबाईंनी चिमीला इस्त्रीच्या टेबलावर पालथं घातलं, मऊ फडकं खोबरेलात बुचकळून अलगद टिपलं. फडकं टाकलं, दुसरं घेतलं. पुन्हा तेल, पुन्हा टिपणं. चौथ्या फडक्याला पोरीचं ओरडणं मुसमुसण्यावर आलं. मग सौम्य साबण, मग पाणी.

"तू पाप चोळतेयस तिला," थोरला दारातून म्हणाला.

"दारात उभा राहू नकोस. गिऱ्हाईक येतं."

त्वचेच्या डॉक्टरीणबाईंचा दवाखाना पलीकडच्या गल्लीत होता. त्यांनी चिमीचे पाय बघितले, बारीक फोड आले होते. मग आधी काय केलं ते विचारलं. मोठीबाईंनी सांगितलं.

"बरोबर केलंत," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "हे अर्क पाण्यात मिसळत नाहीत, तेलात मिसळतात. तेलानं टिपून घेतलंत म्हणून कमीत निभावलं." त्यांनी चिमीच्या फ्रॉकचा वास घेतला. "लवंग, दालचिनी, पुदिना. नुसतं, निर्भेळ. पोत्यानं पाला आणि साली शिजवाव्यात तेव्हा एवढीशी बाटली निघते. म्हणजे एका थेंबात किती माल असेल बघा."

"पण नैसर्गिक आहे," थोरला म्हणाला.

"विंचूही नैसर्गिकच," मोठीबाई म्हणाल्या.

डॉक्टरीणबाईंना हसू आलं, पण त्यांनी ते गिळलं. "अर्क वाईट नसतात हो साहेब. वापरायची रीत असते. धडधाकट मोठ्या माणसाला लावायचं तर तीस मिली साध्या तेलात, तिळाच्या म्हणा, बदामाच्या म्हणा, दहा-बारा थेंब. त्याच्यावर नाही. चेहऱ्याला त्याच्या निम्मे. लवंग-दालचिनीसारखे जहाल अर्क त्याहून कितीतरी कमी, तेही विचारून. आणि आधी कोपराच्या आतल्या बाजूला ते मिश्रण टिपकाभर लावून एक दिवस वाट बघायची. लाल झालं, खाज आली, तर तो अर्क आपला नाही. लहान मुलांच्या फुटलेल्या कातडीवर तर काहीच नाही. मलम कुठे गेलं हिचं?"

सूनबाईनं नवऱ्याकडे बघितलं, आणि तेवढ्यानं डॉक्टरीणबाईंना कळलं.

"आणि तो सुतार? त्याचा खांदा बरा झाला तो?" मोठीबाईंनी विचारलं.

"लवंगेनं जागा बधिर होते. दातदुखीवर लावतात ते कशाला? दुखणं तिथेच असतं, फक्त निरोप पोचत नाही. वरची कातडी भाजते ती वेगळी."

घरी आल्यावर थोरल्यानं एकच पालुपद लावलं. डॉक्टरांचा धंदा बुडतो म्हणून त्या तसं बोलतात. पुढच्या रविवारी मान आणि तोंड झालंच पाहिजे, नाहीतर रोग उलटेल.

"अरे, तू पाण्याच्या टाकीत क्लोरीन सोडतोस ना?" मोठीबाई म्हणाल्या. "ते मोजून सोडतोस का पिंप उपडं करतोस? लोकांना नुसतंच देत जा की प्यायला. शुद्ध आहे."

"ते रसायन आहे आई."

"आणि हे काय आहे, आशीर्वाद? मोजल्याशिवाय तू शहराला पाणी पाजत नाहीस आणि पोरीवर बाटली ओततोस."

"गुरूंच्या हातावर का नाही जळत मग? तीच बाटली. मी स्वतः जवळून बघितलंय. सांग ना, का नाही जळत?"

मोठीबाईंपाशी उत्तर नव्हतं. त्यांना सर्वात जास्त संताप त्याचाच आला. पोरीला त्या रविवारी लपवता आलं असतं, पण त्याच्या पुढच्या रविवारी काय? बाप आहे तो, केव्हाही उचलून नेईल. जोवर तो हात न जळता दिसत होता, तोवर थोरल्याचं डोकं ताळ्यावर येणार नव्हतं.

उत्तर गुरुवारी आपल्या पायांनी चालत आलं. थोरला अर्कगुरूंचे झगे घेऊन लाँड्रीत आला. सेवा म्हणून धुऊन द्यायचे. सोबत भक्तांचे हात-पाय पुसलेले पंचेही होते, गठ्ठाभर.

"झगे हातानं धू. यंत्रात नको," तो म्हणाला.

मोठीबाईंनी आधी पंचे झटकले. वास भकाभक येत होता, पण वाळून गेलेले, डाग कुठेच नाही. मग झगा उलटा केला, बाहीचं आतलं अस्तर उजेडासमोर धरलं. मनगटापासून कोपरापर्यंत अस्तर पिवळट, पारदर्शक, तळणीच्या कागदासारखं. बोट लावलं, चिकट. नाकाशी नेलं. अर्काच्या खाली दुसरा वास होता, साधासुधा, घरातला. तीळ.

"हे काय आहे?" त्यांनी थोरल्याला विचारलं.

"घाम असेल."

"घामाचा डाग काखेत येतो आणि त्याला कड असते. हे तेल आहे. ज्या तेलापायी तू आईला मागे बसवलंस ना, तेच. दोन्ही बाह्या, आतून, दर वेळी. हे बघ पंचे, नुसत्या अर्काचे. एक तरी डाग दाखव. अर्क उडून जातो, तेल राहतं. हा तुझा गुरू हात तेलात बुडवून बाहेर येतो रे. त्यावर तो बाटली ओततो आणि अर्क त्या तेलातच मिसळतो. डॉक्टरीणबाई सांगत होत्या तीच रीत. फक्त स्वतःपुरती."

थोरल्यानं झगा त्यांच्या हातातून ओढून घेतला. "तुला सगळ्यात डागच दिसतात," तो म्हणाला आणि निघून गेला. एक झगा मात्र गठ्ठ्याखाली राहिला. राहिला म्हणजे मोठीबाईंनी त्यावर पाय दिला होता.

रविवारी त्यांनी सूनबाईला आणि चिमीला लाँड्रीत बसवलं.

"आई, हे चिडतील," सूनबाई म्हणाली.

"चिडू दे. शटर आतून ओढ. आणि आजपासून तो आधी की पोरगी आधी, हे ठरवून टाक. दोन दगडांवर पाय ठेवून उभी राहिलीस म्हणून पोरगी पडली."

सूनबाईनं मान खाली घातली, मग वर केली आणि शटर ओढलं.

आज मोठीबाईंनी केसांना नेहमीपेक्षा दुप्पट तेल थापलं होतं. वर जाताना दाराशी थोरला आडवा आला. "चिमी कुठेय?"

"येईल. आधी मी येते."

अर्कगुरूंनी कागदाचा खेळ केला. शुद्ध आहे ते डाग सोडत नाही, हेही झालं. बाही वर गेली, बाटली तिरकी झाली, आणि मोठीबाई पुढे जाऊन उभ्या राहिल्या.

"महाराज, तो कागद द्या जरा."

"माताजी, आपण बसून घ्या. आपल्याभोवती जडत्व आहे."

"आहे, खोबरेलाचं आहे, मी लपवलेलं नाही." त्यांनी कागद उचलला आणि अर्कगुरूंच्या उघड्या हातावर दाबला, कपड्यावरचं तेल टिपतात तसा, पसरून, तळव्यानं. कागद उचलून पंख्यासमोर धरला. सगळे बघत राहिले. वाळायचं नावच नाही. कागदातून पलीकडचा दिवा दिसत होता.

"हे माझ्या देहाचं तेज," अर्कगुरू म्हणाले.

"तेजाला तिळाचा वास येतो?" मोठीबाईंनी काखेतला झगा झटकून बाही उलटी केली आणि लोकांसमोर धरली. "हा तुमचाच ना? मी आयुष्यभर लोकांचे डाग काढलेत. तेज कसं दिसतं मला माहीत नाही, पण तेल मला आंधळेपणीही कळेल."

कुजबुज सुरू झाली. पहिल्या रांगेतली एक बाई ओरडली, "हिला बाहेर काढा." थोरला पुढे आलाही. पण सुतार मधे उठला. त्याच्या खांद्यावर पट्टी होती, आठवडाभरात फोड फुटून पाणी वाहत होतं.

"थांब रे," सुतार म्हणाला. "महाराज, आम्ही सगळे धुऊन बसलोय. तुम्हीही धुवा की. नियम सगळ्यांना एकच."

"माझी परीक्षा घेता?"

"परीक्षा कसली," मोठीबाई म्हणाल्या. "घमेलं तुमचं, साबण तुमचा, बाटली तुमची. मी फक्त धुणार. धुण्यात माझा हात कुणी धरणार नाही."

नाही म्हणायची सोय उरली नव्हती. सुतारानं घमेलं आणून ठेवलं. मोठीबाईंनी अर्कगुरूंचं मनगट पकडलं आणि हात धुतला, मळकी कॉलर धुतात तसा. साबण, पाणी, परत साबण, शेवटी स्पिरिटचा बोळा. पाण्यावर तेलाचे डोळे तरंगत होते, ते त्यांनी घमेलं फिरवून पुढच्या रांगेला दाखवले. मग निळी बाटली उचलली.

"नातीवर सात टाकले होते तुम्ही. मी एकच टाकते."

थेंब पडला. अर्कगुरू हसत राहिले. मग कपाळावर घाम आला. मग बोटं वळली. मग नाकपुड्या फुलल्या. "अं," ते म्हणाले, आणि पुन्हा "अं."

"रोग बिऱ्हाड हलवतोय का?" सुतारानं विचारलं.

अर्कगुरूंचा दुसरा हात आसनाखाली गेला. गादी उचकली, खालून झाकणाची एक पिवळी बाटली निघाली. घाईनं झाकण उघडून त्यांनी धार हातावर धरली आणि चोळत सुटले. तिळाच्या तेलाचा वास अर्काच्या वासातून वर आला.

पुढच्या रांगेतली माणसं वास ओळखून उठून उभी राहिली.

मोठीबाईंना वाटलं होतं, हे झालं की आपल्याला बरं वाटेल. वाटलं नाही. त्या पिवळ्या बाटलीकडे त्या बघत राहिल्या. म्हणजे उतारा इथेच होता. याला पक्का माहीत होता. चिमी इथे, या फरशीवर पालथी पडून किंचाळत होती आणि हातभर अंतरावर गादीखाली ही बाटली होती. हा बाटलीवर बसून सांगत होता, तिला धरा.

"उठ," त्या म्हणाल्या. अहो-जाहो संपलं होतं. "उठ त्या गादीवरून."

तो उठला. लोकांनी त्याला जिन्यापर्यंत पोचवलं ते काही आदरानं नव्हे. मारहाण मात्र मोठीबाईंनी होऊ दिली नाही. "ज्यांना भाजलंय त्यांनी आधी डॉक्टरीणबाईंकडे जा, मग तिथून पोलिसांकडे. बाटली आणि झगा मी घेऊन येते. आणि ऐका. अर्क घरात असतील तर टाकून देऊ नका, अंग जाळूनही घेऊ नका. साध्या तेलात थेंबानं मोजून घाला. किती, ते माहीत असलेल्याला विचारा. आग झाली तर आग म्हणा. तिला दुसरं नाव द्यायला जो सांगेल, त्याचे हात आधी धुऊन बघा."

सभागृह रिकामं झालं. थोरला एका खुर्चीवर बसून होता. पट्टा काढून त्यानं मांडीवर ठेवला होता. मोठीबाई समोर उभ्या राहिल्या तेव्हा तो वर न बघता म्हणाला, "फसलो गं आई आपण. त्यानं सगळ्यांनाच फसवलं."

"मला त्यात धरू नकोस," मोठीबाई म्हणाल्या. "त्यानं तुला तेलाबद्दल फसवलं, हे खरं. झग्याच्या आत काय आहे ते तुला दिसत नव्हतं, तेवढं मी तुला माफ करते. पण पोरगी किंचाळत होती, ते कुणी झग्यात लपवलं नव्हतं. ते तू स्वतःच्या कानांनी ऐकलंस आणि तिचे हात धरलेस. शिकलास, साहेब झालास, तरी तुला कागदाचा पुरावा लागला. लेकीचा आवाज पुरला नाही. तो बाबा लबाड आहे, त्याचं पोलीस बघतील. तू लबाड नाहीस, म्हणून तुझं मला बघावं लागणार. आता खाली जा, शटर वाजव आणि बाहेरच थांब. चिमी आतून उघडेल तर आत ये. नाही उघडलं, तर तिथेच उभा राहा, आणि उघडायला का वेळ लागतोय, ते दुसऱ्या कुणाला विचारू नकोस."